मुलाच्या तोंडून कोण बोलते?

पुणे-सोलापूर रस्त्यावरचे टेंभुर्णी हे माढा तालुक्यातले मोठे नाक्याचे गाव. एका अंगाला उजनीचे पाणी आणि त्यावर वाढलेला ऊस, दुसऱ्या अंगाला औद्योगिक वसाहत, आणि पंढरपूर, अकलूज, कुर्डुवाडी, करमाळा अशा चारी दिशांना फुटणारे रस्ते. अशा गावच्या शाळेच्या पटावर नाना तऱ्हेची मुले असतात. कोणाचे वडील ट्रकवर, कोणाचे कारखान्यात पाळीवर, कोणाची आई माहेरी येऊन राहिलेली. तेथील शिक्षकांशी विज्ञानाच्या प्रयोगांविषयी बोलत असताना एका बाईंनी आम्हांला प्रयोगांशी काहीही संबंध नसलेला प्रश्न विचारला. चौथीतला एक मुलगा. दिवाळीपर्यंत वडील फाटकाशी दिसले की धावत जाई. आई-वडिलांची कोर्टात तारीख सुरू झाली आणि आता वडील आले की तो पाण्याच्या टाकीमागे लपतो. विचारले तर म्हणतो, "पप्पा खराब आहेत. त्यांनी आमची फसवणूक केली. ते पोटगी बुडवतात." नऊ वर्षांच्या मुलाच्या तोंडी 'पोटगी' हा शब्द ऐकून बाईंना वाटले, हे मूल बोलत नाही, दुसरे कोणी बोलते आहे. "पण," त्या म्हणाल्या, "घरात खरेच काही वाईट झाले असेल तर? मी कसे ओळखायचे? याचे काही शास्त्र आहे का?"

शास्त्र आहे, मात्र ज्या नावाने ते ओळखले जाते त्या नावाखाली ते फारसे सापडत नाही, असे आमचे मत आहे. विभक्त झालेल्या आई-बापांपैकी एकाने मुलाचे मन दुसऱ्याविरुद्ध कलुषित करावे आणि मुलाने त्या दुसऱ्या पालकाला झिडकारावे, याला इंग्रजीत 'पॅरेंटल एलिएनेशन' म्हणतात. आपण त्यास 'पालक-दुरावा' म्हणू. अनुभव जुनाच आहे. फारकत झालेल्या घरांतली पोरे आजोळी गेली की वडिलांकडच्या आत्यालाही ओळख देत नाहीत, हे खेड्यात कोणाला ठाऊक नाही? नवे आहे ते एवढेच की या अनुभवाचा निवाडा करण्याचे काम न्यायाधीश, समुपदेशक, डॉक्टर आणि काही वेळा शिक्षक यांच्यावर येऊन पडले. त्यांनी ते कोठे आणि कसे शिकावे, हा प्रश्न शंभर वर्षांहून जुना आहे.

त्याची सुरुवात पॅरिसच्या शाळांतून होते. आल्फ्रेड बिने हे नाव शिक्षकांना बुद्धिमापनामुळे ठाऊक असते. त्याची पहिली बुद्धिमापन चाचणी १९०५ सालची. परंतु त्यापूर्वी, १९०० साली, त्याने मुलांच्या सूचनाक्षमतेवर एक मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला होता. सूचनाक्षमता म्हणजे दुसऱ्याने सुचविलेले आपलेसे करून टाकण्याची मनाची तयारी. बिनेने शाळकरी मुलांना पुठ्ठ्यावर लावलेल्या काही वस्तू थोडे सेकंद दाखविल्या. त्यांत एक गुंडी होती, ती पुठ्ठ्याला चिकटविलेली होती. मग काही मुलांना सांगितले, आठवेल तेवढे लिहून काढा. काहींना सरळ प्रश्न विचारले. काहींना दिशा दाखविणारे प्रश्न विचारले: गुंडी दोऱ्याने बांधलेली होती ना? ज्यांना नुसते आठवेल ते लिहायला सांगितले होते त्यांच्या चुका सर्वांत कमी झाल्या. ज्यांच्या प्रश्नातच उत्तर दडलेले होते त्यांच्या चुका सर्वांत जास्त. चुकलेली मुले अडखळत नव्हती. बरोबर उत्तर जितक्या ठामपणे आले तितक्याच ठामपणे चुकीचेही आले. बिनेचा कयास असा की मूल आठवणीतली पोकळी समोरच्या मोठ्या माणसाला रुचेल अशा उत्तराने भरते. आणि एकदा उत्तर दिले की ते आठवणीचाच भाग होऊन बसते.

बिनेची बुद्धिमापन चाचणी मराठीत आली. डॉ. वि. वि. कामत यांनी १९३०च्या दशकात तिचे मराठी व कानडी मुलांसाठी रूपांतर केले, आणि 'बिने-कामत चाचणी' या नावाने ती आपल्याकडच्या दवाखान्यांत पुढे अनेक वर्षे चालली. त्याचा सूचनाक्षमतेवरचा ग्रंथ मात्र मागेच राहिला. मूल किती हुशार आहे हे मोजण्याची घाई सर्वांना होती. मुलाला प्रश्न कसा विचारावा हे शिकण्याची नव्हती. शिक्षणशास्त्राच्या अभ्यासक्रमात बिने एका चाचणीपुरता शिल्लक राहिला, ही गोष्ट आम्हांला खटकते.

दरम्यान आपल्याकडे कायद्याने मुलाच्या बोलण्याला महत्त्व देऊन ठेवले होते. १८९० च्या पालक व पाल्य कायद्याचे १७ वे कलम सांगते की पालक नेमताना अल्पवयीन मुलाचे कल्याण पाहावे, आणि मूल समजून-उमजून पसंती सांगण्याइतके मोठे असेल तर न्यायालयाला ती पसंतीही विचारात घेता येते. समजून-उमजून म्हणजे काय, ते कायदा सांगत नाही. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यानेही, शक्य असेल तेथे मुलांच्या इच्छेशी सुसंगत असे आदेश द्यावेत, असे म्हटले. मुलाची इच्छा ऐकायची, हे ठरले. ती त्याची स्वतःची की कोणी पढविलेली, हे ओळखण्याची विद्या न्यायाधीशांना शिकविण्याची सोय मात्र झाली नाही.

मुलांचे मन जाणण्याच्या कामाला व्यवसायाचे रूप आले ते बालमार्गदर्शन केंद्रांमुळे. शिकागो येथे १९०९ साली विल्यम हीली याने असे पहिले केंद्र काढले. मुंबईत १९३६ साली सर दोराबजी टाटा समाजकार्य विद्यालय सुरू झाले, तीच आजची टाटा समाजविज्ञान संस्था. तिने १९३७ साली भारतातील पहिले बालमार्गदर्शन केंद्र उघडले. डॉक्टर, मानसशास्त्रज्ञ आणि समाजकार्यकर्ता असे तिघे मिळून एका मुलाचा विचार करतात, समाजकार्यकर्ता घरी जाऊन येतो, शाळेत विचारपूस करतो, ही पद्धत तेथून रुजली. पुढे विवाह समुपदेशक म्हणून जे लोक न्यायालयात आले ते मुख्यतः याच परंपरेतले.

१९७०च्या दशकात अमेरिकेत घटस्फोटांची संख्या झपाट्याने वाढली आणि संशोधकांचे लक्ष त्या घरांतील मुलांकडे गेले. कॅलिफोर्नियाच्या मरीन परगण्यात ज्युडिथ वॉलरस्टीन आणि जोन केली यांनी ६० कुटुंबांतील १३१ मुलांचा अनेक वर्षे पाठपुरावा केला. त्यांना आढळले की काही मुले एका पालकाच्या गोटात जाऊन दुसऱ्याविरुद्ध जणू लढाईत उतरतात. हे विशेषतः ९ ते १२ या वयात दिसे, म्हणजे आपल्याकडील चौथी ते सातवीच्या मुलांत. त्या वयाच्या मुलाला न्याय-अन्यायाची जाण नुकतीच आलेली असते, आणि ती काळी-पांढरी असते. मधला रंग त्याला दिसत नाही. वॉलरस्टीन आणि केली यांनी या वर्तनाला 'युती' म्हटले. आजार म्हटले नाही. अशा युतींपैकी अनेक पुढे विरून गेल्याचेही त्यांना दिसले.

आजार म्हणण्याचे काम १९८५ साली रिचर्ड गार्डनर या अमेरिकन बालमनोविकारतज्ज्ञाने केले. त्याने या प्रकाराला 'पालक-दुरावा लक्षणसमूह' असे नाव दिले आणि आठ खुणा सांगितल्या. मूल एका पालकाची सतत निंदा करते. कारणे फुटकळ सांगते. त्या पालकात एकही चांगली गोष्ट त्याला दिसत नाही. हे माझे स्वतःचे मत आहे असे आवर्जून म्हणते. भांडणात नेहमी एकाचीच बाजू घेते. निंदा करताना त्याला अपराधी वाटत नाही. मोठ्यांचे शब्द व प्रसंग उसने घेते. आणि राग त्या पालकाच्या साऱ्या गणगोतावर पसरतो. टेंभुर्णीच्या त्या मुलाचा 'पोटगी' हा शब्द या यादीत नेमका बसतो. यादी वाचली की कोणालाही वाटावे, अरे, हे तर आपण पाहिले आहे! न्यायालयांत, वकिलांत ती वेगाने पसरली याचे नवल नाही.

पण विज्ञान शिकविणाऱ्याने येथे थांबून एक प्रश्न विचारला पाहिजे. कोणते निरीक्षण मिळाले असता हे निदान खोटे ठरेल? मूल म्हणाले, 'मला आईने पढविले', तर पढविलेले सिद्ध. मूल म्हणाले, 'मला कोणी पढविले नाही, हे माझे मत आहे', तर तीही पढविल्याची खूण! जे विधान कोणत्याही निरीक्षणाने पडत नाही ते विज्ञानाचे विधान नव्हे. दुसरा दोष अधिक गंभीर. वडिलांनी आईला खरोखर मारहाण केली असेल, किंवा मुलाचेच शोषण झाले असेल, तर ते मूलही निंदाच करील, त्यालाही अपराधी वाटणार नाही, तेही आजीकडे जायला नाकारील. आठ खुणा परिणाम सांगतात, कारण सांगत नाहीत. ताप मोजून मलेरिया की विषमज्वर हे ठरत नाही, तसेच हे आहे.

वैद्यकविश्वाने हे निदान स्वीकारले नाही. अमेरिकन मनोविकार संघटनेच्या २०१३ सालच्या रोगसूचीत ते आले नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या अकराव्या रोगवर्गीकरणाच्या शब्दसूचीत 'पालक-दुरावा' हा शब्द काही काळ होता. फेब्रुवारी २०२० मध्ये तो काढून टाकण्यात आला. ब्राझीलने मात्र २०१० साली या विषयावर स्वतंत्र कायदाच केला. उलट, महिलांवरील हिंसाचाराविषयी नेमलेल्या संयुक्त राष्ट्रांच्या विशेष प्रतिवेदक रीम अलसालेम यांनी २०२३ सालच्या अहवालात या कल्पनेला छद्मविज्ञान ठरविले आणि कौटुंबिक न्यायालयांत तिचा वापर बंद करावा असे सुचविले. अत्याचाराची तक्रार करणाऱ्या आईवरच 'दुरावा पाडणारी' असा आरोप उलटविला जातो, हा त्यांचा मुख्य मुद्दा होता.

मग मुलांची मने कलुषित केली जातच नाहीत काय? जातात. आई करते, बाप करतो, दोन्हीकडचे आजी-आजोबा आणि मामा तर हिरिरीने करतात. वर्तन खरे आहे. त्यावर चिकटविलेली आजाराची पाटी कच्ची आहे. २००१ साली जोन केली आणि जॅनेट जॉन्स्टन यांनी ही गुंतागुंत सोडविण्याचा चांगला प्रयत्न केला. त्यांनी प्रश्न उलटा मांडला: दोष कोणाचा हे आधी न ठरविता मुलाकडे पाहा. मूल एका पालकाकडे जायला नाकारते त्याची कारणे अनेक असू शकतात. लहान मुलाला आईपासून दूर झोपायची भीती वाटते, हे वयाचे लक्षण. आई एकटी पडेल या काळजीने एखादे मूल घर सोडत नाही. एखाद्याचा स्वभाव त्या पालकाशी पहिल्यापासून जुळत नाही. एखाद्याने त्या पालकाचा मार खाल्लेला असतो. तो दुरावा रास्त आहे. हे सारे बाजूला काढल्यावर, काही सबळ कारण नसताना तीव्र आणि सततचा तिरस्कार उरला, तरच त्याला दुरावलेले मूल म्हणावे. नुसत्या अंतराने हे घडत नाही, हेही ध्यानात घ्यावे. मराठवाड्यातून ऊसतोडीला येणाऱ्या कुटुंबांतली कितीतरी मुले हंगामभर गावी आजीपाशी राहतात, आणि आई-बाप परतल्यावर त्यांच्या गळ्यात पडतात.

आता बिनेकडे परत जाऊ, कारण पुराव्याचा खरा धागा तेथेच आहे. १९९५ साली मिशेल लाइक्टमन आणि स्टीफन सेसी यांनी बालवाडीच्या मुलांवर केलेला प्रयोग प्रत्येक शिक्षकाने जाणून घ्यावा असा आहे. सॅम स्टोन नावाचा एक पाहुणा वर्गात आला, दोन मिनिटे थांबला, नमस्कार-चमत्कार करून निघून गेला. त्याने कशालाही हात लावला नाही. काही मुलांना त्याच्या येण्यापूर्वी महिनाभर गोष्टी सांगितल्या होत्या: सॅम फार वेंधळा, त्याच्या हातून वस्तू मोडतात. तो जाऊन आल्यावर त्यांना फाटलेले पुस्तक आणि मळलेले अस्वल दाखविले, आणि पुढील दहा आठवडे अधूनमधून विचारले, सॅमने पुस्तक मुद्दाम फाडले की चुकून? शेवटी नव्या माणसाने चौकशी केली तेव्हा ३-४ वर्षांच्या मुलांपैकी ७२ टक्के म्हणाली की सॅमनेच नुकसान केले. 'खरेच तू पाहिलेस का?' असे हळुवारपणे खोदून विचारल्यावरही २१ टक्के आपल्या म्हणण्यावर ठाम राहिली. ५-६ वर्षांची मुले कमी चुकली, पण तीही सुटली नाहीत. ज्या मुलांना आधी काही सांगितले नव्हते आणि नंतर सुचविलेही नव्हते, त्यांनी मात्र घडले ते जवळजवळ नीट सांगितले.

महिनाभर वेंधळ्या सॅमच्या गोष्टी आणि मग दहा आठवडे प्रश्न, म्हणजे ज्या घरात रोज संध्याकाळी वडिलांचा उद्धार होतो त्या घराचाच छोटा नमुना. परंतु या प्रयोगाचा दुसरा भाग आम्हांला अधिक महत्त्वाचा वाटतो. या मुलांच्या ध्वनिचित्रफिती सेसींनी सुमारे हजारभर संशोधकांना आणि मुलांबरोबर काम करणाऱ्या व्यावसायिकांना दाखविल्या. कोणते मूल खरे सांगते ते ओळखा, असे विचारले. बहुसंख्य चुकले. जी मुले तपशील भरभरून, हातवारे करून सांगत होती, तीच त्यांना विश्वासार्ह वाटली, आणि तीच चुकीचे सांगत होती. 'मुलाच्या डोळ्यांत पाहिले की मला कळते' असे म्हणणारे अनुभवी लोक आपणांस ठिकठिकाणी भेटतात. त्यांच्या अनुभवाचा आदर ठेवूनही त्यांच्या या दाव्यावर विश्वास ठेवू नये.

आपल्याकडे न्यायालयाच्या दारात प्रशिक्षित माणूस आणून बसविण्याचे श्रेय १९८४ च्या कुटुंब न्यायालय कायद्याला आहे. विधी आयोगाने १९७४ सालच्या आपल्या ५९ व्या अहवालात कौटुंबिक वादांसाठी वेगळी रीत हवी असे म्हटले होते, आणि स्त्री संघटनांनी तो आग्रह लावून धरला. या कायद्यात समुपदेशकांची तरतूद आहे, आणि १२ व्या कलमाने न्यायाधीशास वैद्यकीय वा समाजकल्याण तज्ज्ञांचे साहाय्य घेता येते. महाराष्ट्रात पुणे आणि मुंबई येथे १९८९ साली ही न्यायालये सुरू झाली. समाजकार्यातील पदव्युत्तर शिक्षण घेतलेले विवाह समुपदेशक तेथे नेमले गेले; मुलांना पालकांनी भेटण्यासाठी खेळण्यांची खोली आली. पुढे इतर शहरांतही कुटुंब न्यायालये झाली. पण कायद्याने ती सक्तीची केली आहेत ती दहा लाखांवर वस्तीच्या शहरांसाठी. तालुक्याच्या गावी मुलाच्या ताब्याचा अर्ज बहुधा नेहमीच्या दिवाणी वा जिल्हा न्यायालयापुढे जातो. सकाळी बांधाचा दावा ऐकलेले न्यायाधीश दुपारी आपल्या दालनात मुलाला जवळ बसवून विचारतात, 'बाळ, तुला कोणाकडे राहायचे आहे?' न्यायाधीशांच्या सद्भावनेविषयी आम्हांला शंका नाही. पण बिनेच्या दृष्टीने पाहता, मुलाला विचारता येईल असा याहून अवघड प्रश्न नाही.

सर्वोच्च न्यायालयाच्या दोन निकालांत ही वाटचाल स्पष्ट दिसते. २०१७ साली एका प्रकरणात आठ वर्षांची मुलगी तान्हेपणापासून वडिलांकडे वाढली होती आणि आईकडे जायला तयार नव्हती. न्यायालयाने पालक-दुराव्याच्या लक्षणसमूहाचा नाव घेऊन उल्लेख केला, आणि मुलीला आईच्या सहवासाचा अनुभवच मिळाला नाही तर तिची पसंती खरी कशी मानावी, असा विचार करून तिला एक वर्ष आईकडे ठेवण्याचा आदेश दिला. २०२४ साली दुसऱ्या एका प्रकरणात त्याच न्यायालयाची भाषा सावध झाली. हा विषय गुंतागुंतीचा आहे. कोणते वर्तन घडले ते आधी नेमके दाखवा, त्यापूर्वीच एखाद्या पालकावर दुरावा पाडणारा असा शिक्का मारू नका, असे न्यायालयाने बजावले. सात वर्षांत लक्ष निदानाकडून वर्तनाकडे वळले. आमच्या मते ही प्रगती आहे.

वर्तन तपासायचे तर विचारणे आले, आणि विचारण्याची कला शिकविता येते. अमेरिकेतील बालआरोग्य संस्थेत मायकेल लॅम्ब आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मुलांच्या मुलाखतीची एक बांधीव पद्धत तयार केली. तिचे सार एवढेच: 'काय झाले ते सुरुवातीपासून सांग', 'मग काय झाले?', 'तू म्हणालास ना, पप्पा ओरडले, त्याबद्दल आणखी सांग'. हो-नाही उत्तराचे प्रश्न शेवटी, आणि तेही गरज असेल तरच. 'मला माहीत नाही' हे उत्तर चालते, हे मुलाला आधीच सांगायचे. ऐकायला हे सोपे वाटते. पण २००२ साली याच गटाने प्रशिक्षण संपल्यावर काय होते ते पाहिले. मुलाखतकारांना दर मुलाखतीवर अभिप्राय मिळत होता तोपर्यंत त्यांचे काम उत्तम चालले. अभिप्राय थांबल्यावर सहा महिन्यांच्या आत ते पुन्हा जुन्या, सुचविणाऱ्या प्रश्नांकडे घसरले. दोन दिवसांचे शिबिर, चहापान आणि शेवटी प्रमाणपत्र अशा प्रशिक्षणांची सवय असलेल्या शिक्षकवर्गाला यात नवे काही वाटणार नाही!

टेंभुर्णीच्या बाईंनी, किंवा कोणत्याही गावच्या शिक्षकाने, निवाडा करू नये. तो त्यांचा प्रांत नव्हे. पण मुलाला सर्वांत जास्त तास पाहणारे तटस्थ माणूस म्हणजे शिक्षकच, आणि पुढे कोणी तज्ज्ञ आला तर त्याला लागेल ती सामग्री त्यांच्याचपाशी असते. मूल आपण होऊन काही बोलले तर तारीख घालून, त्याच्याच शब्दांत, आणि आपण त्यापूर्वी नेमके काय विचारले होते तेही लिहून ठेवावे. प्रश्न लिहून न ठेवलेले उत्तर पुराव्यापुरते निम्मे निकामी असते. 'पोटगी'सारखा शब्द आला तर त्यावरून निष्कर्ष काढू नये; 'पोटगी म्हणजे काय रे?' एवढे विचारावे आणि उत्तर टिपावे. वडील आले असता मुलाने काय केले, ते गेल्यावर तासाभराने तो कसा होता, आई घ्यायला आली तेव्हा काय झाले, हे पाहिलेले लिहावे. वाटलेले लिहू नये. दोन्ही पालकांना प्रगतिपुस्तक दाखवावे, न्यायालयाचा वेगळा आदेश नसेल तर. महाराष्ट्रात मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावापुढे शासकीय कागदपत्रांत आधी आईचे आणि मग वडिलांचे नाव येते; शाळेच्या पटावर दोघे एका ओळीत येऊ लागतील.

एका बाबतीत मात्र थांबून पाहण्याची मुभा नाही. मुलाच्या बोलण्यात लैंगिक अत्याचाराची शंका आली तर २०१२ च्या कायद्याप्रमाणे पोलिसांस कळविणे बंधनकारक आहे. तेथे 'हे पढविलेले असेल का?' याचा विचार शिक्षकाने करायचा नाही, आणि खात्री करून घेण्यासाठी मुलाची उलटतपासणी तर मुळीच करायची नाही. चार वेळा चार जणांनी विचारलेले मूल पाचव्या वेळी काय सांगेल, हे सॅम स्टोनच्या प्रयोगात आपण पाहिलेच आहे.